आवाजाची चाचणी

३ नोव्हेंबर

टीव्हीवाल्यांचा फोन. ह्यांच्या त्या जुन्या कार्यक्रमाची एक टेप सापडली म्हणे! बाकीच्या त्यांनीच पुसून त्यांवर बातम्या भरल्या. टेप महाग असायची तेव्हा. बघायला या म्हणाले. लेकीचं म्हणणं, जाऊन काय करणार आहेस, रडशीलच. मी म्हटलं, रडायला घर आहेच. मला ह्यांचा आवाज ऐकायचाय.

४ नोव्हेंबर

भाजीवाल्यानं आजही तेच काढलं — साहेब खुर्चीवरून काय पडायचे! सिनेमात एकदा पडले ते टीव्हीवर जन्मभर पडत राहिले. रोज संध्याकाळचा कार्यक्रम, हे त्यातले कायमचे पाहुणे. बाकीचे पाहुणे बोलायचे, ह्यांनी पडायचं. अगदी शेवटी दवाखान्यातसुद्धा शेजारच्या खाटेवरचा म्हणाला, एकदा पडून दाखवा ना. हे उठायला लागले! मी हात धरून बसवलं.

ह्यांचे संवाद घोकून घेता घेता मी वाचायला शिकले. घरी मात्र हे फार बोलायचे नाहीत.

६ नोव्हेंबर

उद्या जायचं. साडी काढून ठेवली.

७ नोव्हेंबर

तिथे टीव्हीवाल्यांचे जुने ध्वनिमुद्रक भेटले. काठी टेकत आले होते. म्हणाले, "वहिनी, तुमच्या हाताची चव अजून जिभेवर आहे." हे गृहस्थ आमच्याकडे कधी जेवले? वयानं गल्लत होते, म्हणून मी नुसती मान हलवली.

टेप लावली. कार्यक्रमाआधीचं थोडं तिच्यात राहून गेलंय. रिकामी खुर्ची. मग हे. चेहरा घरचाच, दमलेला. माइक नीट लागलाय का बघायला पाहुण्यांना काहीतरी विचारून बोलतं करायची तिथली पद्धत. ह्याच ध्वनिमुद्रकांचा आवाज आला, आज काय खाल्लंत?

हे म्हणाले, "काही नाही. इथं यायचं म्हटलं की घास उतरत नाही. डबा नेहमीसारखा तुम्हीच संपवा. भरलेला परत नेला तर ती काळजी करत बसेल."

मग दिवे लागले. टाळ्या. हे पडले.

म्हातारबुवा काठीकडे बघत बसले होते.

८ नोव्हेंबर

हे वाळत चालले तेव्हा डॉक्टरांनी विचारलं होतं, जेवण जातं का? ह्यांनी तोंड उघडायच्या आधी मीच सांगितलं — अहो, डबा रोज चाटूनपुसून रिकामा येतो!