वोर्कू, ते मांस भाजायचं होतं!

वोर्कू,

ही चिठ्ठी लिहिणारच नव्हतो, तसाच कामावर निघालो होतो. पण राग आवरेना. चरबी काढलेलं गोमांस मी बेर्बेरे मसाला, आलं-लसूण नि लिंबात मुरत ठेवलं, ते निखाऱ्यावर भाजायला! कोळसा आणायला गेलो, तेवढ्यात तू वर वितळवलेलं लोणी ओतून अर्धं कच्चंच हाणलंस? आणि वर म्हणतोस, "आम्हा गुरागे जमातीच्या लोकांना कच्चं मांस बाधत नाही!" अरे गाढवा, तुझ्या हृदयाच्या दुखण्यापायी डॉक्टरनं कच्चं मांस नि लोणी दोन्ही बंद केलंय ना?

उरलेल्याला हात लावू नकोस, संध्याकाळी मी भाजतो.

माझ्या बहिणीच्या लग्नात रिवाजाप्रमाणे सगळे कच्चं मांस कापून खातील. तू खायचं नाहीस. तुझ्या शेजारी बसून मीही भाजलेलंच खाईन, शब्द देतो.

तामरात