बाबूभाईंच्या नावाची घटपर्णी

११ मे १९९९, चंद्रपूर

शेंडा खुडला. पुन्हा! वेल वाढायचं सोडत नाही आणि पेटीत जागा काही वाढत नाही.

बाहेर बघवत नाही असं ऊन. सुमात्राच्या दमट जंगलातली ही घटपर्णी चंद्रपुरात जगते ती केवळ अब्बा कूलर बनवतात म्हणून. एका जुन्या कूलरच्या पेटीला त्यांनी समोरून काच बसवली, आत वाळ्याच्या ताट्या, खाली पाणी, वर लहानसा पंखा. लाइट गेली की ताट्यांवर पाणीही तेच शिंपडतात. पानाच्या टोकाला तार, तारेला लोंबणारा घडा, घड्यात बुडालेल्या मुंग्या. अब्बा त्यांना लोटे म्हणतात. "आज दोन लोटे नवीन आले, बेटा."

मला मात्र आताशा तिच्याकडे पाहिलं की झोप येते.

२३ मे

नागपूरला जाऊन आले. एसटीत उभ्यानं. माझे मार्गदर्शक सर मात्र खुशीत.

एरवी घटपर्णीला दोन तऱ्हेचे घडे येतात. जमिनीजवळ बुटके, पोट सुटलेले, झालरवाले. वेल वर चढली की निमुळते, बिनझालरीचे. माझ्या वेलीला इतक्या वर्षांत फक्त बुटकेच आले. कलकत्त्याहून बिननावाचं रोप म्हणून आणलेली ही वेल. जुन्या संग्रहातले वाळवलेले नमुने मागवून मागवून ताडून पाहिले. पानं जुळतात ती एकाच जातीशी, तिला कुठल्याशा इंग्रज साहेबाचं नाव आहे. पण त्या नमुन्यांवर सगळे घडे निमुळते.

"वय झालं तरी वरचे घडे नाहीत. हाच फरक! नवी जात आहे, निशात. लिहायला घ्या."

घेते.

१४ जून

परवा अब्बांना सांगितलं. नवी जात ठरली तर नाव मी ठेवायचं. नेपेंथिस हे घटपर्णीचं शास्त्रीय नाव, पुढे अब्बांचं: नेपेंथिस बाबूभाई.

ते पत्रा कापत होते. कात्री खाली ठेवली. "माह्यं? झाडाले?" मग, "लोक हसन नं, बेटा."

संध्याकाळी शेजारच्या नीलाबाईंना काचेपुढे उभं करून दाखवत होते. दुसऱ्या दिवशी कुंडीला पत्र्याची पाटी. छिन्नीनं अक्षरं ठोकलेली — बाबूभाई. एवढे खूश मी त्यांना अम्मी गेल्यापासून पाहिले नव्हते.

२ जुलै, वडसा

मी शिकवते ते कॉलेज सुरू. भाड्याची खोली गळते. अब्बांना बजावून आले — शेंडा लांबला की खुडायचा, पेटीबाहेर जाऊ द्यायचा नाही.

१५ ऑगस्ट, चंद्रपूर

झेंडावंदन उरकून रात्रीपुरती घरी. पेटीतली वेल आखूड, छान. "खुडता ना?" "हो हो, होऊन राह्यलं थे." पेटीसमोरून हलतच नव्हते. मागे पाणी बघू म्हटलं तर "तू बस, दमली तू." खरंच दमले होते. बसले.

२० सप्टेंबर

निवडणुकीच्या ड्यूटीवर मुलचेऱ्याकडे जाऊन आले, तिथून ताप घेऊन. शोधनिबंध अर्धाच. या वेलीवर माझं सगळं तरुणपण गेलं. कोणाला सांगू?

२८ ऑक्टोबर

निबंध टाइप झाला! पहिल्या पानावर अब्बांचं नाव लॅटिनच्या थाटात. सरांना आता फक्त फोटो हवेत. आनंद व्हायला हवा. उद्या होईल.

९ नोव्हेंबर, चंद्रपूर

सुट्टी. कॅमेरा घेऊन आले. फोटोला उजेड हवा म्हणून पेटी सरकवली, तर मागचा पत्रा कापलेला. भोकातून वेल बाहेर गेलेली.

मागच्या शेडमध्ये गेले. उभ्या बांधलेल्या तारेला धरून माझ्या डोक्याच्याही वर चढली आहे. ठिकठिकाणी अब्बांच्या जुन्या लुंगीच्या चिंध्यांच्या गाठी. आणि वर टोकाला घडे. निमुळते. बिनझालरीचे. साहेबाचे! भिंगसुद्धा लागलं नाही.

अब्बा मागे येऊन उभे. "रागावू नोको. तू खुडाले सांगतलं होतं, पन कात्री घेतली का हातच चालेना. माह्यं नाव देल्लं तू त्याले, अन् मीच मुंडी कापू? म्हून मांगून वाट करून देल्ली. पावसात कशी सुटली पाह्य! चांगली झाली नं?"

"खूप छान झाली," म्हटलं. आणि न्हाणीघरात जाऊन रडले.

नवी जातबीत काही नाही. पेटीत मावावी म्हणून शेंडा मीच खुडत होते, आणि वरचे घडे येत नाहीत असं मीच लिहीत होते. एवढी शिकलेली मी! माझ्या हातानं अब्बांचं नाव पुसायचं आता.

११ नोव्हेंबर

सरांना फोन. ते म्हणाले, "वेल घरातली. घरात काय उगवलं ते कोण बघायला येतंय? बुटक्या घड्यांचे फोटो पाठवा."

नाही म्हटलं नाही मी. बाहेर अब्बा नीलाबाईंना सांगत होते, "आता छापून येनार हाय."

१३ नोव्हेंबर

बुटक्यांचे फोटो काढले. निमुळत्यांचे नाही. रोल धुवायला टाकायला निघाले आणि बाजारातून तशीच परत आले. अब्बांचं नाव खोट्यावर कसं चिकटवू?

१५ नोव्हेंबर

सरांना कळवलं. निबंध मागे घेतला. ते चिडले, चिडू देत. अब्बांना अजून सांगितलेलं नाही. सकाळपासून ते शेडमध्ये नवी तार बांधताहेत.

१६ नोव्हेंबर

सांगितलं. सगळं. झाड जुन्याच जातीचं, जुन्याच नावाचं.

अब्बांनी हातातली पक्कड खाली ठेवली. मग विचारलं, "थ्या साहेबाचं नाव कोनं देल्लं होतं? त्याच्या पोरीनं?"

नाही म्हटलं. असाच कोणी दुसरा साहेब.

"मंग माह्यंच मोठं," म्हणाले, आणि तार बांधायला लागले.