क्ष म्हणजे किती

३ मार्च, सोमवार

पुन्हा चुकलं! एका संख्येची दुप्पट केली, त्यात पाच मिळवले, तेवीस झाले. संख्या कोणती? नऊ. यांनी पलंगाच्या कडेवर बोटाने तीनदा ठोकलं. तीन! तेहतीस वर्षं शाळेत गणित शिकवलेला माणूस.

झटका आल्यापासून तोंडातून शब्द नाही, उजवा हात लुळा. वाचा शिकवायला येतात त्या बाई म्हणाल्या, "बोलणं गेलं तरी आकडे कधीकधी शाबूत असतात. रोज एक कोडं घाला." म्हणून हा खटाटोप.

६ मार्च, गुरुवार

कोडं घालायचं तर आधी मला सुटायला हवं! माझी शाळा सातवीत सुटली, पुढे जन्मभर शिवणयंत्र. यांचं जुनं पुस्तक काढलंय. क्ष म्हणजे माहीत नसलेला आकडा. त्याच्याभोवतीचं एकेक पलीकडे न्यायचं — नेताना अधिकचं उणे, उणेचं अधिक. म्हणजे उसवणंच की! शेवटचा टाका आधी.

यांना आवडलं असतं हे.

११ मार्च, मंगळवार

सहा हवे होते. अकरा ठोकले. काल एक.

१९ मार्च, बुधवार

थोरली लेक येऊन गेली. यांच्यादेखतच म्हणाली, "आई, कशाला त्यांचा छळ मांडलायस? बाबांना काही कळत नाही गं."

"हळू बोल."

"कळत असतं तर बोलले असते का मी?"

हे छताकडे बघत होते.

वाचेच्या बाईही आज म्हणाल्या — फार आशा ठेवू नका. पुढच्या आठवड्यापासून त्या येणार नाहीत.

२० मार्च, गुरुवार

कोडी बंद. दिवसभर घरात फक्त यंत्राची घरघर.

२७ मार्च, गुरुवार

करमेना. दुपारी शिवण टाकून यांच्याजवळ बसले, माझ्यापुरतंच एक कोडं घेतलं. काळ्या चिंधीवर खडूने मांडलं — संख्येच्या दुपटीतून सहा वजा केले, उरले दहा. सहा पलीकडे नेले, दहातून काढले, राहिले चार. निम्मे. "दोन!" मोठ्याने म्हणाले.

मनगट करकचून धरलं कुणीतरी! यांनी — डाव्या हाताने. माझाच हात पलंगावर आपटला. एकदा, दोनदा... आठदा. मग चिंधीवर मी पलीकडे नेलेल्या सहाच्या आधीचं उणे अंगठ्याने खसाखसा पुसलं.

आठ दुणे सोळा, सहा गेले, दहा. आठच! पलीकडे नेताना चिन्ह बदलायचं मीच विसरले होते.

हे उजव्या हाताने लिहितेय. डावं मनगट अजून सोडलेलं नाही यांनी.