घागर झाली जड

चैत्र वद्य ५, बाजार

वांगी घेऊन बसले होते. समोर रहीमभाईच्या चहाच्या दुकानात खामगावहून बाजा आणलेला. पितळी कर्णा, हंड्याच्या तोंडाएवढा. तबकडी फिरली, ढोलकी वाजली आणि माझं गाणं सुरू झालं. माझं. जात्यावरचं.

हात तागडीवर तसाच राहिला. आवाज किसन शाहिराचा.

मोटेचं गं पाणी, पाटानं गेलं पुढं,
माह्या राजसाचं मन, माघारी ओढं.

एकेक कडवं ओळखीच्या माणसासारखं समोरून येत होतं. म्हटलं, आता शेवटचं येईल, घरधन्यांचं नाव कर्ण्यातून बाजारभर जाईल. गेले त्याला किती वर्षं झाली, पण आज सगळे ऐकतील.

शेवटचं आलं.

हिरीले गं माह्या, पाणी लागलं गोड,
किसनावाचून, घागर झाली जड.

किसनावाचून.

लोकांनी शिट्ट्या मारल्या. पुन्हा लावायला लावली. शेजारी गोदा बसलेली, ती म्हणाली, "माय वं काशे, हे तं तुह्यंच गानं! याच्यात किसन कवा आला?" बाजार वळून पाहू लागला. गोदाच्या मनात काही नव्हतं. तिला हळू बोलता येत नाही, एवढंच.

चै. व. ६

चार बायकांत नवऱ्याचं नाव घ्यायचं तर उखाणा, नाहीतर जातं. घरधनी गेले तसा उखाणा संपला. जातं राहिलं. त्या एका ओळीसाठी रोज दळते. पीठ होतं ते वेगळं.

किसन त्यांचा जिवाचा दोस्त. साखरखेर्ड्याचा, पण हंगाम सरला की आमच्या मळ्यावर पडून असायचा. गेल्या साली आला. "वयनी, मुंबईच्या कंपनीले गानं पाह्यजे. हे द्या मले." दिलं. गोदा समोर बसली होती. एवढंच म्हटलं, नाव राहू द्या. हाव म्हणाला.

गल्लीला ते गाणं पाठ आहे. त्यात कोणाचं नाव असतं तेही पाठ आहे. म्हणून तर आता किसनचं नाव ऐकून सगळे माझ्याकडं बघतात.

चैत्र अमावास्या

घागरीचं गाणं म्हणतात आता. मोटेवर तेच, न्हाव्याच्या ओट्यावर तेच. चिखलीला वरातीत वाजंत्र्यांनी वाजवलं, नवरदेव घोड्यावरून उतरून नाचला म्हणे.

धुणं घेऊन नदीवर गेले. पल्याड दोघं म्हशी धूत होते. "काशीबाई, घागर लयच जड झाली काय वं? किसनाले सांगावा धाडू?" दुसरा म्हशीला म्हणाला, "हस बे, तू बी हस." मी पिळे उचलून आले.

संपतभाऊजींच्या कानावर गेलं. माझे धाकटे दीर. मळा, बैल, घर, सगळं आता त्यांच्याच जिवावर. त्या बोलणाऱ्याचे पुढचे दात बैलाच्या पराणीनं पाडून आले. घरी आले, जेवले, माझ्याकडं पाहिलं नाही.

आखाजी, वै. शु. ३

घरधन्यांच्या नावाची घागर भरत होते. नवी, लाल, गळ्याला सूत गुंडाळलेलं. भाऊजी मोटेवरून आले. बांधावरून कोणी ती ओळ म्हटली असणार. घागर लाथेनं उडवली. मग मोटेचा नाडा. पाठीवर, मानेवर. एक वेढा कानावर बसला.

"माह्या भावाच्या जागी त्याले बसवलं! सांग, कवापासून?"

म्हटलं, गोदाले इचारा. पुढचं तोंडात रक्त आल्यानं बोलता आलं नाही. धाकटी जाऊ सरजा मधे पडली, तिलाही बसले. पोरं ओट्याखाली शिरली.

नंतर त्यांनीच खापरं वेचली. चिखलात गुडघ्यावर बसून, एकेक. रडत होते का ते पाहिलं नाही.

वै. शु. ७

डावा कान बंद. आत मधमाशी बसल्यासारखं. सरजा हळद गरम करून लावते.

भाऊजी असे नव्हते. विहीर खोल करताना दोन सुरुंग लावले होते. एक उडाला, दगड आभाळात गेले. काठावरून वाकून भाऊजी म्हणाले, "दोन्ही उडाले दादा, उतर." दोन्ही एकदमच उडाले असं त्यांना वाटलं. घरधनी उतरले आणि दुसरा उडाला. वर आले ते टोपलीतून आले, दोन खेपांत.

जमादारानं मला विचारलं होतं. मी सांगितलं, कोणाचा दोष नाही. तेव्हा खरं तेच सांगितलं. त्या दिवसापासून भाऊजी भावाचं नाव घेत नाहीत. मी निदान जात्यावर घेते.

विहिरीला पाणी गोड लागलं.

वै. व. ४, बाजार

गेल्या बाजारी बाजा फुटला. भाऊजींनी कुऱ्हाडीच्या तुंब्यानं, मागच्या बोथट बाजूनं, कर्णा चेपला, तबकडी टाचेखाली घेतली. रहीमभाई आडवा आला. "संपत, बेटा, बाजेने क्या बिगाडा तेरा?" त्याच्या हाताचं हाड मोडल्याचा आवाज मला चांगल्या कानानं ऐकू आला.

त्यानं फिर्याद दिली नाही. गळ्यात हात बांधून चहा गाळतो. पण दुसरा बाजा मागवलाय. लोक म्हणतात, ज्या गाण्यापायी हाड मोडलं ते ऐकलंच पाहिजे. दुरून दुरून येतात. जेवढी मारामारी तेवढं गाणं चालतं.

ज्ये. शु. ३

किसन आला. भाऊजी मळ्यात होते म्हणून बरं. नवा फेटा, हातात कागदात गुंडाळलेली तबकडी, माझ्यासाठी. हसत आला. माझा कान पाहिला आणि उंबऱ्यातच बसला.

मी विचारलं, काऊन केलं असं?

"वयनी, शेवटच्या कडव्यात शाहिराचं नाव येतेच. रीतच हाये आमची. ते यंत्र फिरून राह्यलं होतं, साहेब बोट दाखवे, तोंडातून सवयीनं माहंच नाव निंघालं. मंग म्हन्ले, एकडाव झालं ते झालं." फेटा काढून मांडीवर ठेवला. "तुमच्या नवऱ्याच्या जागी जाऊन बसलो, हे मले आत्ता समजून राह्यलं. उंकाऱ्या माहा दोस्त होता वो."

म्हटलं, या गावात पाय ठेवू नका. तर म्हणतो, येत्या बाजारी माझा फड आहे, शंभर गावचे लोक येतील, त्यांच्यापुढं उंकारचं नाव घेतो. तबकडीत चुकलं ते तोंडानं फेडतो.

नाही म्हणायला हवं होतं. पण नाव ऐकायचं होतं मला.

ज्ये. शु. ५

हात चालेल तसं लिहिते.

दुपारी लिंबाखाली फड. मी बायकांत, अगदी पुढं, वांग्यांची पाटी शेजारी. किसननं गाणं धरलं तशा शिट्ट्यांनी कान फुटले. मला तर एकच आहे. शेवटचं कडवं लागलं आणि पलीकडून भाऊजी दिसले, माणसं सारत. हातात कुऱ्हाड, अंगावर मोटेवरचं ओलं धोतर.

मी ओरडले, "भाऊजी, थांबा! नाव ऐका!"

थांबले. खरंच थांबले. किसननंही त्यांना पाहिलं. पळता आलं असतं. तो माझ्याकडं बघून गायला. उंकारावाचून.

त्या गदारोळात कोणाला ऐकू गेलं नसेल. मला गेलं. भाऊजींना गेलं. त्यांचं तोंड मी पाहिलं. विहिरीच्या काठावर होतं तेच तोंड, टोपली वर आली तेव्हाचं.

मग कुऱ्हाड आली. किसनचं तोंड घागर म्हणायला उघडं होतं. पहिला घाव खांद्यात, दुसरा मानेत. ढोलकीवाल्याचा हात तसाच पडत राहिला, दोन थापा, तीन, रक्तानं भिजलेल्या कातड्यावर. मग लोक पळाले. माझ्या वांग्यांवरून पळाले.

भाऊजी बसून होते. कुऱ्हाड शेजारी. जमादार येईपर्यंत कोणी जवळ गेलं नाही. मी गेले. किसनच्या मानेवर पदर दाबून धरला. पदर पुरला नाही.

ज्ये. व. १

भाऊजी बुलढाण्याला तुरुंगात. सरजा वकिलाला भेटून आली. किसननं स्वतःचं नाव गायलं, भावाची अब्रू गेली, डोकं फिरलं, असं कोर्टाला वाटलं तर जीव वाचेल. भावाचं नाव गायलं आणि तरी मारलं, तर फाशी. गाव एका तोंडानं म्हणतं, तो किसनावाचूनच म्हणाला. तबकडीत तसंच आहे ना. ते खोटं बोलत नाहीत. त्यांना तेवढंच पाठ आहे.

जवळ मी होते. सरकारची साक्षीदार मी.

आषाढ शु. ८

समन्स आलं. वर छापलंय, मध्यप्रांत व वऱ्हाड. पुड्यांच्या कागदांवरून अक्षरं शिकले ती अशी उपयोगी पडली. कोतवाल म्हणाला, "वाचून दाखवू का बाई?" म्हटलं, वाचलं.

सरजा पाया पडली. "बाई, ऐकू नाही आलं म्हना. कान तं गेलाच हाये तुमचा. खोटं कुठं होते?"

कान फोडला तो त्यांनीच. आता त्याच कानानं त्यांना सोडवायचं.

आषाढ व. २

किसनची म्हातारी आई साखरखेर्ड्याहून आली. पाणी घेतलं नाही. "मले भांडाचं नाही वं माय. सारे म्हनतात त्यानं तुही बदनामी केली. तू जवळ होती. शेवटी काय म्हनला माहा लेक?"

सांगितलं. उंकारावाचून म्हणाला.

ती मान हलवत राहिली. मग पाणी मागितलं, तांब्याभर प्याली, गेली. आत सरजाच्या हातातलं भांडं पडलं. तिनं ऐकलं. त्यानंतर माझ्याशी बोलत नाही, पण ताट वाढते.

श्रावण शु. ७

गोदाच्या वावरात निंदण. बायका ओळीनं, खुरपी चालू. कोणीतरी घागरीचं गाणं धरलं. मला वाटलं, उठून जावं.

पण शेवटच्या ओळीला गोदानं आपल्या नवऱ्याचं नाव घातलं. पलीकडची हसली, "मेल्याले गान्यात तरी चांगला म्हन," आणि तिनं आपल्याचं घातलं. मग पुढची, मग तिच्या पुढची. तबकडीतलं नाव कोणीच घेतलं नाही. ओळ फिरत माझ्यापर्यंत आली आणि सगळ्या थांबल्या.

मी खुरपं चालवत राहिले.

श्रावण शु. १२

उद्या बुलढाणा. गाडी सांगितली आहे. सरजानं भाकरी बांधल्या, माझ्या वेगळ्या, भाऊजींच्या वेगळ्या. त्यांच्यात ठेचा जास्त. देऊ देतील का, माहीत नाही. धाकटं पोर तिच्या कडेवर. "बाई, कान" एवढंच म्हणाली.

सकाळी दळलं. शेवटच्या कडव्यापाशी आले तर ती दारात उभी. खुंटा हातात धरून बसले. जातं थांबलं की घर किती शांत होतं.

गोदा सांगते, कोर्टात आधी नाव विचारतात, मग बाईला नवऱ्याचं. परक्या पुरुषांपुढं, मोठ्यानं, जात्याशिवाय.

उद्या ते नाव मला दोनदा विचारतील. एकदा नवऱ्याचं म्हणून. ते सांगेन.

मग गाण्यातलं म्हणून.