आजींची दाढ आणि मी डॉक्टर फिल-जे

सोल, मांगवन

प्रिय मावशीस,

दोन्ही गुडघे जमिनीला टेकवून इन-सपचा नमस्कार. तुझा गुडघा आता योसू बंदराच्या चढणीला साथ देतो ना? काकांची बोट दुरुस्त झाली का? झाली नसेल, तर काका दिवसभर घरात बसून किती हैराण करतात तेही कळव. मी ठणठणीत आहे, इतका की गेल्या महिन्यात मी दातांचा डॉक्टर झालो. (घाबरू नकोस, पोटापाण्याला अजून पियानोचे सूरच जुळवतो.)

झालं असं. माझ्यासोबत राहणारा फिल-जे खराखुरा दातांचा डॉक्टर. एका मध्यस्थ बाईंनी त्याला हे-दाम नावाची मुलगी सुचवली होती. त्याचं मन आधीच दुसरीकडे गुंतलेलं (क्लिनिकखालच्या बेकरीत, त्याचं वजन उगीच नाही वाढलं), पण नाही म्हणायची हिंमत नव्हती. रविवारी मुलीची आजी न कळवता थेट दारात. फिल-जेनं खिडकीतून त्यांना पाहिलं आणि बाथरूममध्ये शिरून आतून कडी लावली. दार मी उघडलं. आजींनी बूट काढले, मला नखशिखान्त न्याहाळलं आणि "फिल-जे तूच ना रे?" असं विचारलं. अशा वेळी माणसानं ठाम राहावं. मी हो म्हणालो.

वाटलं, चहा घेतील आणि जातील. पण आजी बसल्या आणि त्यांनी आ केला. मागची दाढ वर्षभर ठणकत होती, पण पूर्वी एका डॉक्टरानं न विचारताच दात उपटल्यामुळे त्या कुठेच जायला तयार नव्हत्या. माघार घेणं माझ्या स्वभावात नाही. मी जेवणाचा चमचा स्वच्छ धुतला, त्याच्या दांड्यानं एकेक दात हलकेच वाजवला आणि कान लावून ऐकत राहिलो. (दुसरं मला येतं तरी काय?) एका दाढेपाशी आवाज बद्द आला आणि आजी कळवळल्या. "हीच," मी गंभीरपणे म्हणालो. आजी खूश. "आजवरचे डॉक्टर नुसते बोलायचे. ऐकणारा तूच पहिला."

तेवढ्यात त्यांना न्यायला हे-दाम आली. तिचं वर्णन करत नाही. सुरू केलं तर पाकिटावर जास्त तिकिटं लावावी लागतील. तिनं आधी मला पाहिलं, मग माझ्या हातातला चमचा. निघताना आजींना पुढे पाठवून जिन्यात मला म्हणाली, "डॉक्टर, मध्यंतरी तुम्ही माझी अक्कलदाढ काढलीत, तेव्हा चांगले उंच होतात की." (ती गुपचूप पेशंट बनून मुलगा बघून आली होती आणि नकारही ठरवून बसली होती.)

मी माफी मागायला लागलो. "माफी राहू दे," ती म्हणाली. "आजीनं पहिल्यांदाच कुणाला तोंडात बघू दिलंय. दाढ निघेपर्यंत तुम्ही फिल-जेच."

बेत आखायला आम्ही नूडल्सच्या दुकानात भेटलो. बेत पहिल्या वाटीतच आखून झाला. तरी भेटत राहिलो.

ठरल्या दिवशी क्लिनिकमध्ये मी आणि फिल-जे दोघंही मास्क लावून उभे. मी आजींचा हात धरला, त्यानं दाढ काढली. सगळं सुरळीत. मग आजी उठून बसल्या आणि त्यांनी आमचे दोघांचेही मास्क खाली ओढले. बधिर तोंडानं म्हणाल्या, "दाढ काढणारा हा. मग हात धरणारा कोण?"

मी नाव सांगितलं, काम सांगितलं, सगळंच सांगितलं. वर तीनदा माफी मागितली. (हे काकांना वाचून दाखवू नकोस.)

आजी हे-दामकडे वळल्या. "हा खोटारडा आहे."

"हो, आजी."

"तरी आवडतो?"

"हो," ती म्हणाली. मावशी, हे मीही तेव्हाच पहिल्यांदा ऐकलं.

आजींनी गालावर बर्फ धरला. "रविवारी जेवायला येऊ दे. स्वतःच्या नावानं."

तर सगळं माझ्या आटोक्यात आहे. काळजी नसावी.

तुझा,
इन-सप

ता. क. फिल-जेचंही बेकरीत जमलं. आता तो पाव फुकट आणतो.

आणखी एक ता. क. पुढच्या महिन्यात लग्नाची बोलणी करायला दोन्ही घरची माणसं भेटणार आहेत. आजींनी विचारलं, तुझ्या आईच्या खुर्चीवर कोण बसणार? आई गेल्यापासून असं कुणी विचारलंच नव्हतं. मी तुझं नाव सांगून टाकलं. तुला न विचारता. येशील ना? वरचं सगळं हे विचारायचा धीर यावा म्हणून लिहिलं.