कंदिली आणि तिच्या लेकी

११ फेब्रुवारी, कुरुंदा
लाइट गेली. बरं झालं. टॉर्च लावून भिंतीवर सावल्यांचा नवा व्हिडिओ केला. खाली कमेंटमध्ये लोक विचारतात, ही खरी भाषा आहे का? अहो, एक नाही, अख्खं घराणं आहे. थोरली कंदिली. लहानपणी मी आणि नंदाताईनं कंदिलापुढे हात नाचवून बनवली, कारण या घरात तोंडानं बोललेलं सगळं मायच्या कानावर जातं. मग तिच्या लेकी. उन्ही अंगणातली, उभ्या अंगानं बोलायची. चांदी गच्चीवरची, संथ, तिच्यात भांडताच येत नाही. टॉर्ची माझी एकटीची, ताईच्या लग्नानंतरची. सगळ्यांचा कायदा एकच, समोरच्याच्या सावलीवर पाय द्यायचा नाही. ते तोंड दाबणं झालं.
ताईला न विचारता टाकते हे भाषा शिकवायचे व्हिडिओ. विचारू कसं? तिचा फोन दाजींच्या खिशात.

१६ फेब्रुवारी
मायसोबत जवळा बाजारला, ताईच्या सासरी. मुक्काम. ताई वाळून काडी झाली आहे. माय म्हणे, "सासरी पोरी वाळतातच." दाजी गोड. "च्या घ्या, मेव्हणीबाई." बाकी सगळा वेळ मोबाइलमध्ये डोकं.
तिन्हीसांजेला लाइट गेली. ताईनं मेणबत्ती लावली नि माझ्याशेजारी येऊन बसली. तोंडानं मायला भाजीचे भाव सांगत होती. भिंतीवर हात म्हणत होते: मारतो. जेवू देत नाही. घेऊन जा.
मी मान हलवली. माझा चहा सांडला. दाजींनी फडकं आणून दिलं.

१७ फेब्रुवारी
घरी आल्या आल्या सगळं सांगितलं. माय भडकली. "भिंतीवरल्या सावल्या पाहून लेकीचा संसार मोडू का म्या? तोंडानं म्हन म्हनाव तिला." अण्णा हळद शिजवत होते. धुरातूनच म्हणाले, "एवढी हळद निपटू दे, मंग पाहू."
मायनं लगेच फोन लावला. दाजींनी उचलला, स्पीकरवर टाकला.
"बरी हाईस ना गं?"
"व्हय माय, बरी हाय."
झालं. माय मला वेडी ठरवून भाकरी थापायला गेली. मला दोघांचाही राग येतो. आईबापांचा येऊ नये म्हणतात. येतो.

२२ फेब्रुवारी
कॉलेजचं निमित्त करून एकटीच गेले. ताई अंगणात भांडी घासत होती. मला बघून उठली. मी ऊन पाठीशी घेतलं आणि उन्हीत म्हटलं: शुक्रवारी तो सोयाबीन घेऊन मोंढ्यात गेला की स्टँडवर ये. रिक्षा करून थांबते. ताईची सावली हो म्हणाली. कितीतरी दिवसांनी तिचे खांदे सैल झालेले पाहिले.
दाजी हौदावर तोंड धूत होते. सावकाश धुतलं. टॉवेल खांद्यावर टाकला, चालत आले आणि ताईच्या सावलीवर दोन्ही पाय रोवून उभे राहिले. मग हात उचलले. स्वच्छ उन्ही, एक बोट इकडचं तिकडे नाही: शुक्रवारी मी घरीच आहे.
आणि तोंडानं, "तुमचे व्हिडिओ लई झ्याक हायेत, मेव्हणीबाई. रोज पाहून राहिलो. काहून थांबल्या? बोला ना."
ताईनं माझ्याकडे पाहिलं. तूच शिकवलंस ना, एवढंच त्या नजरेत होतं. मग तिनं दोन्ही हात पदरात गुंडाळून घेतले. परतीच्या गाडीत मला रडूसुद्धा आलं नाही.

२३ फेब्रुवारी
सगळे व्हिडिओ काढून टाकले. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. लोक विचारतात, भाषा कुठे गेली? ज्याला शिकायची होती तो शिकला की.
नवी लेक जन्माला घालायला बसले, त्याला न कळणारी. संध्याकाळपर्यंत बरीच झाली. पण ताईपर्यंत पोचवू कशी? भाषेला दोघी लागतात. इथे मी एकटीच हात हलवत बसले आहे.

२६ फेब्रुवारी
पुन्हा अण्णांना म्हटलं. "दोन कढया राहिल्या." बरं.

३ मार्च
ताईच्या नंबरवरून व्हिडिओ कॉल आला. मायनं उचलला. पडद्यावर नुसती भिंत, भिंतीवर हातांची सावली. कंदिली. मी मजेत आहे. येऊ नका.
मायला अर्थ सांगितला. का सांगितला, देव जाणे. ती हरखली. "पाह्य, तुज्याच भाषेत सांगून राहिली. आता तरी पटलं का?"
बोटं जाड होती. ताईची बोटं कशी पडतात भिंतीवर, ते मला नाही तर कुणाला ठाऊक?
टॉर्च लावून आमच्या भिंतीवर विचारलं: ताई कुठे आहे?
सावली म्हणाली: मीच ताई.
आणि हसली. हसण्याची ती खूण मी कधी कुठल्या व्हिडिओत टाकली नव्हती. ती आम्हा दोघींचीच होती. त्यानं ती तिच्याकडून कशी काढून घेतली असेल, त्याचा विचार करवत नाही.
फोन बंद झाला. माय विचारते, "काय म्हनली गं?" अण्णांना म्हटलं, आत्ता चला. ते कढईखाली लाकडं सारत राहिले.
मी निघते आहे. आत्ता गाडी आहे की नाही, माहीत नाही.