ट्रे घेऊन तू बाहेर आलीस ती दुपार

माय, तुझ्यावर माझा कधी पुरता विश्वास बसला नाही, हे आधी सांगून टाकते. तुला जाऊन बावीस वर्षं झाली. आता राग धरलास तरी मला कळायचं नाही, आणि कळलं असतं तरी तो खरा की केलेला, हे मी आधी तपासून पाहिलं असतं. सवयच तशी लागली. ज्या घरात माय सकाळी भाकरी थापता थापता बहिरी म्हातारी होते, तिथं लेकीनं कशावर विश्वास ठेवावा? मी तीन-तीन हाका मारायची आणि तू ढिम्म. रागावलीस, की तालीम चालू आहे, हे मला तव्याकडे बघून ठरवावं लागायचं. भाकरी जळत असली तर तालीम.

लोक मला सांगायचे की तुझी माय मोठी कलावंत. मोठी कसली! सिंदीच्या त्या नाटक मंडळाच्या हँडबिलावर वीस वर्षांत तुझं नाव कधी छापून आलं नाही. नायिका नागपूरहून यायची, तिचा फोटो असायचा. तू सगळ्यात खाली, 'व इतर कलाकार' मध्ये. बाबा गेल्यावर तू मंडळाचे कपडे शिवायला लागलीस, आणि एकदा मोलकरणीचं काम करणारी बाई आलीच नाही म्हणून हातातली सुई ठेवून उभी राहिलीस. तेव्हापासून तू कायमची मोलकरीण. नाहीतर शेजारीण, बहिरी सासू, लग्न जुळवणारी आगाऊ बाई. नाटकाच्या वहीत तुला वाक्यंही नसायची. मी ती वही पाहिली आहे. नायकाला पानंच्या पानं, आणि तुझ्या जागी एवढंच लिहिलेलं: मोलकरीण येते, गंमत करते, जाते. ती गंमत काय करायची ते तुझं तू बघायचं.

तू ती माणसांतून आणायचीस, आणि माझा संशय तिथूनच सुरू झाला. समोरच्या काकू पदर खोचताना आधी नाक ओढायच्या. शंकरपटाच्या, बैलांच्या शर्यतीच्या दिवशी दुपारच्या खेळात तू तस्संच नाक ओढलंस आणि अख्खा मांडव लोळला. काकू मांडवातच होत्या. त्यानंतर त्यांनी आपल्याकडे विरजण मागायला येणं सोडलं. मग मी तुझ्यासमोर जपून चालायला लागले, जपून शिंकायला लागले. न जाणो, उद्या माझीच शिंक तळेगावच्या बाजारात जायची. एकदा तू दोन दिवस अंथरुणाला खिळली होतीस. मी दारातून म्हटलं, "नाटक करून राह्यली का तू?" तू डोळेही उघडले नाहीस. म्हणालीस, "नाटकाले तालीम लागते बाई. तापाले नाई लागत." मी जवळ येऊन कपाळाला हात लावला. चटका बसला, तरी तू आधी चुलीशी बसली होतीस का, हे मनात येऊन गेलंच.

आता ती दुपार. तळेगावचं स्थळ आलं होतं, मुलगा शाळामास्तर. मामा म्हणाला, नाटकातल्या बाईची पोरगी म्हटलं की ते लोक उंबऱ्यातूनच परत जातील. तेव्हा माय गावाला गेली आहे असं सांगायचं, आणि एकदा कुंकू लागलं की मग बघू. तुला स्वयंपाकघरात ठेवायचं ठरलं. कोणी विचारलंच तर लांबची मावशी. मी 'ठरलं' म्हणते आहे, पण मामानं माझ्याकडे पाहिलं होतं आणि मी मान हलवली होती. तू काहीच बोलली नाहीस, बटाटे चिरत राहिलीस. मला तेव्हाच शंका आली होती, कारण गप्प बसणं तुझ्या स्वभावात नव्हतं.

ते पाच जण आले. मुलगा, त्याची आई, लग्न झालेली बहीण, काका आणि आणखी एक कोणी. सुरुवातीचं बोलणं झालं, आणि आत तुझ्या हातून झारा पडला. मुलाच्या आईनं मान वळवली.

"आत कोन हाय?"

मामानं तोंड उघडलं, पण त्याआधी मीच बोलले. "कामवाली हाय."

मावशी म्हणायचं ठरलं होतं. जीभ कशी वळली कुणास ठाऊक. आत झारा उचलल्याचा आवाज आला. मग तू आलूपोह्यांचा ट्रे घेऊन बाहेर आलीस. पदर खोचलेला, एक खांदा खाली, डावा पाय किंचित ओढत. तुझ्या नाटकातल्या मोलकरणीची ती चाल आपल्या तालुक्यात कुणाला माहीत नव्हती! तू मुलासमोर बशी धरलीस, त्याला वरून खालपर्यंत पाहिलंस आणि माझ्याकडे वळून म्हणालीस, "बाई, ह्यायले दोन खेपा वाढा लागन. शर्टातून बरगड्या मोजून राह्यली मी." सगळे हसले. मुलाची आई तर पदर तोंडाला लावून हसत होती. तू आत गेलीस आणि पुन्हा आलीस, पुन्हा वाढलंस, पुन्हा काहीतरी बोललीस. मामाचा चेहरा पांढरा पडला होता.

आठ दिवसांनी त्यांचा काका नकार घेऊन आला. मी घरी नव्हते. परत आले तर तू म्हणालीस, "माही चाल ओळखली त्यायनं. माह्यामुळंच गेलं स्थळ." एवढंच. आणि मी ते लगेच खरं मानलं. जन्मात तुझं एवढं एकच वाक्य मी न तपासता घेतलं, बघ. ट्रे दारातून आत सरकवता आला असता. तू बाहेर आलीसच का? चार माणसं समोर दिसली की तुला राहवत नव्हतं, असं मी ठरवून टाकलं. मग वाटायला लागलं की हे तू मुद्दामच केलंस. मी गेल्यावर घरात एकटी पडशील म्हणून. कामवाली म्हटलं त्याचा सूड म्हणून. दोन वर्षांनी नालवाडीचं हे घर मिळालं, यांना तुझं सगळं माहीत होतं, संसारही बरा झाला. तरी मी ते मनातून काढलं नाही. तू त्यानंतर मंडळात गेली नाहीस, साड्यांना फॉल लावत बसलीस, तर मला तेही दाखवायला केल्यासारखं वाटायचं. तू माझ्याकडे चार दिवस राहायला आलीस की मी पाहुण्यांसारखं वागवायची, आणि तू तिसऱ्याच दिवशी पिशवी भरायचीस. मी थांब म्हटलं नाही.

गेल्या महिन्यात वर्ध्याला डोळे तपासायला गेले होते. बाकावर शेजारी एक म्हातारी, माझ्याहून सात-आठ वर्षांनी मोठी. बराच वेळ माझ्याकडे बघत होती. म्हणाली, "तुमी सिंदीच्या ना? आमी पाहाले आलतो तुमाले." मुलाची बहीण. मी म्हटलं, हो, माझ्या मायची चाल ओळखून तुम्ही नकार दिलात. बाई चमकलीच.

"चाल तं आमी दारातच ओळखली जी. आमच्या मायनं तुमच्या मायचे तीन खेळ पाह्यले होते. तुमी तिची पोरगी, हे बी तिले ठाऊक होतं. हौस होती तिले. वाटेत म्हणे, पोरगी बी साजरी हाय अन् घर बी हसतं हाय."

"मग नाही काऊन म्हटलं?"

"राग नका मानू. घरी गेल्यावर माय म्हणे, सख्ख्या मायले कामवाली म्हणते, ते बी तिच्या कानावर. उद्या मले काय म्हणन? काकानं तुमच्या मायले खरं कारण सांगतलं होतं. तिनं हात जोडले म्हणे, पोरीले नका सांगू."

मी उठून नळावर गेले. आधी मनात हेच आलं की बाई खोटं बोलते आहे. इतक्या वर्षांनी माणूस गोष्टीला मीठमसाला लावतो, आणि मेलेल्या माणसाला चांगलं म्हणायला काय जातं? पण काका आला त्या दिवशी तू मला दळण आणायला पाठवलं होतंस, आणि पिठाचा डबा तर अर्ध्याहून जास्त भरलेला होता. त्याला लांबून येताना तू पाहिलं असणार. मी बसमध्ये खिडकीपाशी बसून हे सगळं परत परत लावून पाहिलं. कुठंच चुकत नव्हतं.

एवढं कळूनही माझी खोड जात नाही. तू बाहेर का आलीस, हे मी अजून शोधते आहे. कधी वाटतं, राग आला म्हणून. कधी वाटतं, मी कामवाली म्हटलं होतं, आणि तू आतच बसून राहिली असतीस तर मी खोटी पडले असते. माझा शब्द खरा करायला तू तुला येत होतं ते केलंस. हे दुसरं खरं असेल तर मला झोप लागणार नाही, म्हणून मी पहिल्याकडे जाऊन जाऊन बसते. हे कागद कुठं पाठवायचे नाहीत. सून कपाट आवरते, तिच्या हाती लागू नयेत म्हणून उद्या बंबात घालीन.

फक्त एक राहिलं. त्या दुपारी सगळे हसले तेव्हा मीही हसले, माय. भीतीनं नाही, लोकांसोबत म्हणूनही नाही. मला खरंच हसू आलं होतं. तू माझ्याकडे वळून पाहिलंस, आणि मला वाटतं, तेवढ्यासाठीच तू पुन्हा वाढायला आलीस.